उर्मिला घाबरते तेव्हा...

'रंगीला गर्ल' ही तिची ओळख सगळ्यांना पाठ आहे. पण उर्मिला मातोंडकरचं खरं धाडस बघायचं असेल, तर दिवे मालवून तिचे थरारपट लावा. भुतापेक्षा जास्त भीती कशाची वाटते, हे त्यातून कळतं.

घरात एकटं असताना दाराची बेल वाजली, की तुम्ही काय करता? आधी टीव्हीचा आवाज कमी करता. मग पाय न वाजवता दारापर्यंत जाता, भिंगातून बाहेर बघता. समोरचा माणूस ओळखीचा नसेल, तर तो जाईपर्यंत श्वास रोखून तिथंच उभे राहता. बहुतेक वेळा तो बिचारा पार्सलवाला असतो. पण त्या अर्ध्या मिनिटात पोटात जो गोळा येतो, तो अगदी खरा असतो.

या अर्ध्या मिनिटाचा अख्खा सिनेमा होऊ शकतो, हे राम गोपाल वर्मानं १९९९ साली 'कौन'मध्ये दाखवून दिलं. एक बंगला, एक वादळी दिवस, तीन पात्रं आणि एकही गाणं नाही. जवळपास दीड तास आपण जिच्या चेहऱ्याकडे बघत बसतो, ती उर्मिला मातोंडकर. त्या मुलीला सिनेमात साधं नावसुद्धा नाही.

आपल्यातले बरेच जण तेव्हा जन्मलेलेही नव्हते. 'भूत' आला तेव्हा काही जण बाळुत्यात होते. त्यामुळे आपल्या पिढीला उर्मिला माहीत आहे ती मुख्यतः रील्समुळे. ए. आर. रहमानचं संगीत, मनीष मल्होत्राचे कपडे आणि बेभान नाचणारी मुलगी. ती ओळख खोटी नाहीच. पण १९९९ ते २००५ या सहा-सात वर्षांत याच मुलीनं हिंदी सिनेमातल्या भीतीचा चेहरामोहरा बदलला, ही गोष्ट मात्र आपण पार विसरलो आहोत.

पांढऱ्या साडीतली बाई

उर्मिलानं काय वेगळं केलं हे कळायला थोडं मागे जावं लागेल. हिंदी सिनेमात भीती आणि बाई यांचं नातं जुनं आहे. १९४९ सालच्या 'महल'मध्ये मधुबाला होती. १९६४ साली राज खोसलांच्या 'वो कौन थी?'मध्ये साधना आली आणि लोक तिला 'मिस्ट्री गर्ल' म्हणू लागले. पुढे 'मेरा साया' आणि 'अनिता'मध्येही तिनं अशाच गूढ भूमिका केल्या. यातला 'मेरा साया' आपल्या मराठी 'पाठलाग'वरून केलेला, हे तुमच्या आजीला विचारा, ती लगेच सांगेल. राजा परांजपे, काशिनाथ घाणेकर, भावना... ती सुरूच होईल.

या सगळ्या सिनेमांत बाई हे कोडं होतं. ते सोडवणार पुरुष. भीती त्याला वाटायची, आणि ती बाई म्हणजे धुक्यातून दिसणारं, पांढऱ्या साडीतलं, गाणं म्हणत जाणारं रहस्य. शेवटी खुलासा व्हायचा, की भूतबित काही नाही, कुणाचा तरी डाव होता किंवा भलतीच काही भानगड होती.

मग आले रामसे बंधू. 'पुराना मंदिर' (१९८४), 'वीराना' (१९८८) वगैरे. इथं भूत खरंखुरं होतं, पण सिनेमाला 'बी ग्रेड'चा शिक्का बसला. मोठ्या नट्या या वाटेला फारशा फिरकल्या नाहीत. आणि ज्या नट्या होत्या, त्यांच्या वाट्याला मुख्यतः दोनच कामं यायची. किंचाळायचं आणि पळायचं.

१९९२ साली राम गोपाल वर्मानं 'रात' केला. हवेली-बिवेली काही नाही, साधं मध्यमवर्गीय घर. रेवतीनं त्यात झपाटलेल्या मुलीचं काम असं केलंय, की आजही अंगावर काटा येतो. भूत आपल्या घरात, आपल्या फ्रिजशेजारी उभं राहू शकतं, ही पायवाट 'रात'नं पाडली. तिचा हमरस्ता झाला तो पुढे उर्मिलामुळे.

मिली जोशीचं काय झालं?

उर्मिला अचानक आलेली नव्हती. १९८० साली डॉ. श्रीराम लागूंच्या 'झाकोळ' या मराठी सिनेमात ती बालकलाकार होती. मग श्याम बेनेगलांचा 'कलयुग', आणि १९८३ साली शेखर कपूरचा 'मासूम'. त्यातली मोठी मुलगी आठवते? तीच उर्मिला. म्हणजे बाई नऊ-दहा वर्षांची असतानाच नसिरुद्दीन शाह आणि शबाना आझमींबरोबर काम करून बसली होती.

गंमत म्हणजे नायिका म्हणून तिचा भुतांशी पहिला संबंध आला तो विनोदी सिनेमात. १९९२ च्या 'चमत्कार'मध्ये नसिरुद्दीन शाह भूत होता, ते भूत फक्त शाहरुख खानला दिसायचं आणि उर्मिला होती त्या भुताची मुलगी!

मग १९९५ साली 'रंगीला' आला. मिली जोशी, मध्यमवर्गीय घरातली मुलगी, सिनेमात मागच्या रांगेत नाचते आणि स्वप्न बघते हिरॉईन व्हायचं. मिलीचं स्वप्न पूर्ण झालं आणि उर्मिलाचंही. रातोरात ती स्टार झाली. आता तुम्हीच सांगा, एवढं यश मिळाल्यावर कुणीही काय केलं असतं? पुढची दहा वर्षं तेच केलं असतं. तोच नाच, तसेच कपडे, तसाच हिरो.

उर्मिलानं तसे सिनेमे केलेही. पण मधूनच १९९८ साली 'सत्या'मध्ये ती साध्या सुती कपड्यांत, चाळीतल्या विद्याच्या भूमिकेत दिसली. आणि लगेच पुढच्या वर्षी 'कौन'. ज्या मुलीला बघायला लोक थिएटरात यायचे ते तिच्या नाचासाठी आणि सौंदर्यासाठी, तिनं एका सिनेमात या दोन्ही गोष्टी काढून ठेवल्या. उरलं काय? चेहरा, आवाज आणि श्वास.

दार उघडायचं की नाही?

'कौन'ची गोष्ट एका ओळीत सांगता येते. बाहेर मुसळधार पाऊस आहे, टीव्हीवर शहरात मोकाट फिरणाऱ्या खुन्याची बातमी सुरू आहे, मुलगी घरात एकटी आहे आणि दाराची बेल वाजते. बाहेर मनोज बाजपेयी. तो कुणा मल्होत्राचं घर शोधतोय. तो चिकट आहे, गोड बोलतोय, हटत नाहीये. थोड्या वेळानं आणखी एक जण येतो, सुशांत सिंह. तो म्हणतो मी पोलीस आहे. कोण खरं बोलतंय? कुणाला आत घ्यायचं?

हा सिनेमा लिहिलाय अनुराग कश्यपनं. शेवट अजिबात सांगणार नाही, काळजी नसावी. फक्त एवढंच करा, की बघताना उर्मिलाच्या डोळ्यांकडे लक्ष द्या. ती घाबरल्यावर किंचाळत नाही, आधी ऐकते. आवाज कुठून आला त्या दिशेला आधी मान वळते, नजर मागून जाते. दाराआडून बोलताना तिचा आवाज अर्धा घशातच राहतो. बोलता बोलता ती मध्येच गप्प होते आणि त्या गप्प होण्यानंच आपली तंतरते.

आणि मग सिनेमा संपतो तेव्हा आपल्याला एक प्रश्न पडतो, जो 'खुनी कोण' यापेक्षा मोठा आहे. इतका वेळ आपण कुणावर विश्वास ठेवला? आणि का ठेवला? समोरच्याचा चेहरा बघूनच ना? हा प्रश्न विचारणं एवढंच त्या सिनेमाचं काम, आणि ते सगळं एका नटीच्या चेहऱ्यावर तोललेलं आहे.

एक लक्षात घ्या, विश्वास हा शब्द पुढेही येणार आहे. उर्मिलाचे थरारपट एकामागून एक बघितले, की जाणवतं, यातलं भूत, खुनी, बंदूक सगळं बदलत राहतं. एक गोष्ट बदलत नाही. एक मुलगी काहीतरी सांगत असते आणि आजूबाजूच्या कुणालाच ते खरं वाटत नाही.

नकार पचत नाही तेव्हा

२००१ साली रजत मुखर्जीच्या 'प्यार तूने क्या किया'मध्ये बाजू उलटली. इथं घाबरवणारी तीच होती. रिया, श्रीमंत बापाची लाडाची मुलगी. एका फॅशन फोटोग्राफरच्या (फरदीन खान) प्रेमात पडते. त्याचं लग्न झालंय हे कळल्यावरही तिला थांबता येत नाही. त्याच्या बायकोच्या भूमिकेत आहे आपली सोनाली कुलकर्णी.

आठ वर्षांपूर्वी 'डर'मध्ये शाहरुखनं हेच केलं होतं. नकार न ऐकणारा, मुलीच्या मागे लागणारा प्रेमवीर. त्याच्यावर प्रेक्षक फिदा झाले होते. तेच एका मुलीनं केल्यावर फिल्मफेअरमध्ये तिला नामांकन मिळालं ते नकारात्मक भूमिकेसाठी! आपल्याकडे 'नाही' न ऐकणाऱ्या मुलाला आशिक म्हणतात आणि मुलीला वेडी. मागे लागणं दोघांचंही चुकीचंच, पण नावं ठेवण्यातला हा फरक बघा.

सिनेमात खटकणारी गोष्टही आहे. रियाच्या मनाची अवस्था हा आजार आहे, हे समजून घेण्यात पटकथेला फारसा रस नाही. तिला आधी धोका बनवायचं आणि मग वेड्यांच्या इस्पितळात पोचवायचं, एवढंच. पण उर्मिला मात्र रियाला राक्षसीण करत नाही. तिच्या डोळ्यांत एक हरवलेलं लहान मूल सतत दिसत राहतं. म्हणून सिनेमा संपताना राग येत नाही, वाईट वाटतं.

बाराव्या मजल्यावरचं भूत

आणि मग आला २००३ सालचा 'भूत'. मुंबई, उंच इमारत, बाराव्या मजल्यावरचा प्रशस्त फ्लॅट. भाडं परवडतंय म्हणून नवरा-बायको राहायला येतात. विशाल आणि स्वाती, म्हणजे अजय देवगण आणि उर्मिला. या घरात आधी राहणाऱ्या बाईचा मृत्यू झालाय हे विशालला माहीत असतं. तो बायकोला सांगत नाही. त्याला वाटतं, असल्या फालतू गोष्टी कशाला सांगायच्या? उगीच घाबरेल.

इथं थांबा जरा. सगळी गोष्ट खरं तर इथूनच सुरू होते. भूत नंतर येतं. सुरुवात होते ती 'तुला कशाला सांगायचं' यापासून. पुढे स्वातीला काहीतरी दिसू लागतं, ती रात्री झोपेत चालू लागते, आणि ती जे सांगते ते विशालला भास वाटतात. मग डॉक्टर, मग पोलीस. प्रत्येक जण स्वातीबद्दल बोलतो. स्वातीशी फार थोडे जण बोलतात.

'भूत'मध्येही गाणी नाहीत. त्या काळी बिनगाण्यांचा, मोठ्या स्टारचा हिंदी सिनेमा काढणं म्हणजे वितरकांच्या पोटात गोळा आणणं होतं. सोबत नाना पाटेकर, रेखा, तनुजा, सीमा बिस्वास, व्हिक्टर बॅनर्जी अशी तगडी मंडळी. पण सिनेमा तोलून धरते उर्मिला. तिला दोन माणसं रंगवायची होती, स्वाती आणि स्वातीच्या अंगात शिरलेली ती. यासाठी मेकअपचे थर चढवलेले नाहीत. बदलते ती बसण्याची पद्धत, मान, नजर रोखून धरण्याची ताकद आणि आवाज. दिवसा टीव्ही बघणारी, नवऱ्याची थट्टा करणारी साधी मुलगी आपल्याला आवडायला लागलेली असते. म्हणून रात्री तिच्या जागी दुसरंच कुणी बसलंय हे दिसतं तेव्हा हादरा बसतो. आधी माणूस आवडला पाहिजे, मगच त्याच्यासाठी भीती वाटते. हे साधं गणित कितीतरी भयपटांना आजही जमत नाही.

या भूमिकेसाठी तिला फिल्मफेअरचा समीक्षकांच्या पसंतीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. भयपटातल्या अभिनयाला इतकी दाद मिळणं तेव्हा दुर्मीळ होतं, आजही फार सोपं नाही.

'भूत'चं कौतुक करताना एक मात्र बोलायलाच हवं. यात डॉक्टर हरतो आणि मांत्रिक बाई जिंकते. पडद्यावर ठीक आहे, कारण तिथं भूत खरं असतं. पण आपल्या गावाकडे आजही एखादी मुलगी विचित्र वागू लागली, तर तिला आधी कुठं नेतात हे तुम्हाला माहीत आहे. महाराष्ट्रात २०१३ साली जादूटोणाविरोधी कायदा झाला तो उगीच नाही. थिएटरातलं भूत थिएटरातच सोडून यायचं असतं, एवढं भान ठेवलं की 'भूत' मनसोक्त घाबरून बघता येतो.

सारिका वर्तकचा हिशेब

आता माझा सगळ्यात आवडता. २००४ सालचा 'एक हसीना थी'. दिग्दर्शक श्रीराम राघवन. हो, तोच 'अंधाधुन'वाला. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून शिकून आलेल्या या माणसाचा हा पहिलाच मोठा सिनेमा.

नायिका सारिका वर्तक. मुंबईत एकटी राहणारी, ट्रॅव्हल एजन्सीत नोकरी करणारी मराठी मुलगी. आडनावापासूनच ती आपल्या ओळखीची वाटते. ऑफिसला जाणारी, वेळेवर बिलं भरणारी, अनोळखी माणसाशी जपून बोलणारी. तिच्या आयुष्यात करणसिंग राठोड येतो. सैफ अली खान. देखणा, हसतमुख, काळजी घेणारा. ती हळूहळू विश्वास टाकते. आणि त्या विश्वासाची किंमत म्हणून थेट तुरुंगात जाते. त्याच्या शब्दावर भिस्त ठेवून ती न केलेला गुन्हा कबूल करून बसते.

या सिनेमात एकही भूत नाही, तरी हा सगळ्यात भीतिदायक आहे. कारण हे घडू शकतं. करण कुठल्याही सिनेमातल्या खलनायकासारखा दिसत नाही, तो तुमच्या एखाद्या मैत्रिणीच्या बॉयफ्रेंडसारखा दिसतो. 'माझ्यावर विश्वास नाही का?' हे वाक्य तुम्ही किती वेळा ऐकलंय, आठवून बघा.

तुरुंगातली सारिका आणि बाहेर आल्यावरची सारिका यांतला फरक उर्मिला संवादांतून सांगतच नाही. तो तिच्या पाठीत दिसतो. आधी थोडे वाकलेले असणारे खांदे सरळ होतात. आधी सतत इकडेतिकडे फिरणारी नजर एका जागी थांबायला शिकते. सूड घ्यायला निघालेल्या नायिका आपण भरपूर बघितल्यात. त्या ओरडतात, शाप देतात, त्रिशूळ उचलतात. सारिका हिशेब करते. शेवटच्या प्रसंगात गुहा आहे, साखळी आहे आणि उंदीर आहेत. यापलीकडे एक अक्षर सांगणार नाही. जेवून झाल्यावर लगेच बघू नका, एवढाच सल्ला.

२००५ साली 'नैना' आला. 'द आय' या हाँगकाँगच्या गाजलेल्या भयपटावरून केलेला. लहानपणी दृष्टी गेलेली मुलगी, नेत्ररोपणानंतर तिला दिसू लागतं, पण इतरांना जे दिसत नाही तेही दिसतं. सिनेमा मुळाइतका जमला नाही, हे खरंच. पण कल्पना बघा. इतकी वर्षं तिला काहीच दिसत नव्हतं तेव्हा सगळे तिच्यावर माया करत होते. आता तिला जास्त दिसू लागलं, तर तीच वेडी ठरली!

भीती हा अभिनय नाही?

आता ही सगळी यादी एकत्र मांडून बघा. 'कौन'मध्ये आपण चेहरा बघून विश्वास ठेवतो. 'भूत'मध्ये नवरा तिच्यापासून लपवतो आणि नंतर तिचं म्हणणं त्याला भास वाटतं. 'एक हसीना थी'मध्ये ती ज्याच्यावर विश्वास टाकते तोच तिला विकतो आणि मग कायद्यालाही तिचं म्हणणं पटत नाही. 'नैना'मध्ये तिचे डोळेच खोटे ठरवले जातात. दिग्दर्शक सगळे एकच नव्हते, लेखकही वेगळे. कुणी ठरवून ही मालिका केलेली नव्हती. पण एकाच नटीनं हे सगळं केल्यामुळे त्याला एक धागा मिळाला. मुलीला भीती वाटते, ती ते बोलून दाखवते आणि समोरचा म्हणतो, 'तुझ्या मनाचे खेळ आहेत.'

रात्री क्लासवरून परत येताना कुणीतरी मागे येतंय असं वाटतं आणि घरी सांगितलं तर 'तुला उगाच वाटलं असेल' हे उत्तर येतं. हॉस्टेलच्या खिडकीखाली रोज तोच माणूस उभा असतो, असं सांगितलं तर 'दुर्लक्ष कर' असं ऐकायला मिळतं. भयपट खोटे असतात असं म्हणणाऱ्यांनी एकदा वर्गातल्या मुलींना विचारून बघावं. भूत काढून टाका, बाकी सगळं त्यांच्या ओळखीचं निघेल.

आणि हे पडद्यावर पोचवणं सोपं काम नाही. रडण्याचा अभिनय सगळ्यांना कळतो, त्याला टाळ्या मिळतात, बक्षिसं मिळतात. घाबरण्याचा अभिनय मात्र नाटकाच्या एकांकिका स्पर्धेतसुद्धा गृहीत धरला जातो. करून बघा. समोर काहीही नसताना, पंधरा माणसांचं युनिट उभं असताना, दिवा डोळ्यांत घुसत असताना रिकाम्या कोपऱ्याकडे असं बघायचं, की बघणाऱ्याला तिथं कुणीतरी दिसलं पाहिजे. आवाज, संगीत सगळं नंतर येतं. शूटिंगच्या वेळी तिथं भूत नसतं, असते ती फक्त नटी.

'भूत'नंतर भयपटांची रांग लागली. 'डरना मना है', सुष्मिता सेनचा 'वास्तुशास्त्र', तिकडे त्याआधीच 'राज'मुळे तयार झालेली बिपाशा बासूची वेगळी गादी. मोठी नायिका भयपट करते यात मग कुणाला काही वावगं वाटेनासं झालं. पुढे अनुष्का शर्मानं 'परी' केला. विशाल फुरियाच्या मराठी 'लपाछपी'मध्ये पूजा सावंतनं उसाच्या शेतात अडकलेली गरोदर बाई उभी केली आणि त्याच दिग्दर्शकानं त्यावरून हिंदीत 'छोरी' केला, नुसरत भरुचाला घेऊन. या दोन्ही सिनेमांत खरं भय भुताचं नाही, मुलगी नको म्हणणाऱ्या माणसांचं आहे. आज 'स्त्री' आणि कोकणातला 'मुंज्या' बघायला आपण गँग करून जातो, पॉपकॉर्न खात हसतो-घाबरतो. त्या हसण्या-घाबरण्यामागे कुठेतरी उर्मिलाची ती सहा-सात वर्षं आहेत.

उर्मिलाला स्वतःला मात्र त्याचा फार फायदा झाला नाही. 'पिंजर', 'मैंने गांधी को नहीं मारा' अशी वेगळी कामं तिनं केली, पण तिच्या वयाच्या नायिकेसाठी लिहिलेल्या भूमिका कमी कमी होत गेल्या. तिशी ओलांडली की नायिकेनं आई तरी व्हावं किंवा घरी तरी बसावं, हा तेव्हाचा अलिखित नियम. तिच्या बरोबरीचे नायक अजूनही कॉलेजवयीन मुलींच्या प्रेमात पडत होते. थरारपटाचं यापेक्षा चांगलं कथानक मिळणार नाही!

कुठून सुरुवात कराल?

• पहिल्यांदा बघणार असाल तर: 'भूत'. हेडफोन लावून, रात्री, शक्यतो लिफ्ट नसलेल्या इमारतीत.

• पाच-सहा जण मिळून: 'कौन'. अर्ध्या तासानं थांबवा आणि प्रत्येकानं चिठ्ठीवर लिहा, कोण खोटं बोलतंय. शेवटी चिठ्ठ्या उघडा. ज्याने आधी बघितलाय त्याला तोंड बंद ठेवायची शपथ घाला.

• मैत्रिणीबरोबर: 'एक हसीना थी'. नंतर दोघींनी चहा घेत बोला. बोलण्यासारखं बरंच निघेल.

• अभिनय शिकत असाल तर: 'रंगीला' आणि 'कौन' लागोपाठ. मधे फक्त चार वर्षं आहेत, यावर विश्वास बसत नाही.

आणि हे सगळं बघून झालं की २०१४ चा मराठी 'आजोबा' बघा. सुजय डहाकेचा. माळशेज घाटाच्या पायथ्याशी सोडलेला एक बिबट्या शंभरहून अधिक किलोमीटर चालत मुंबईच्या राष्ट्रीय उद्यानात पोचला होता, त्या खऱ्या घटनेवरचा. बिबट्याच्या मागावर असलेल्या संशोधकाची भूमिका उर्मिलानं केलीय, वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय यांच्या कामावर बेतलेली. इथं गाव घाबरलेलं आहे, वनखातं घाबरलेलं आहे, आणि ही एकटी बाई नकाशावर बोट ठेवून सांगते आहे, की तो कुणाला त्रास न देता फक्त चालतोय, त्याला चालू द्या. इथंही सुरुवातीला तिचं म्हणणं सगळ्यांना पटत नाही. पण या वेळी ती थरथरत नाही. कॉलरचा सिग्नल कुठं मिळतोय ते बघते आणि पुढच्या गावाकडे निघते.